कामगंध आणि सरांचा कोट

"माझ्या परवानगीशिवाय या झाडांवर एक किडासुद्धा बसणार नाही!" विज्ञानसरांनी मोठ्या बाईंच्या टेबलावर हात आपटून सांगितलं. हात इतक्या उत्साहात आपटला की चहाच्या कपाने बशीत एक उडी मारली आणि बाईंच्या नव्या वहीवर शिंतोडे उडाले.

मोठ्या बाई म्हणजे शाळेच्या मुख्याध्यापिका. त्यांनी शांतपणे वही पुसली. "किडे परवानगी मागतात का हो सर? आमचे शिक्षकसुद्धा मागत नाहीत."

"मागतील बाई! फक्त वेळेवर औषध मारायला हवं."

गोष्ट शाळेच्या फाटकापासून मैदानापर्यंत उभ्या असलेल्या पाइनच्या रांगेची होती. या झाडाला कुणी चीडसुद्धा म्हणतात. नाव चीड, पण स्वभावाने इतकं शांत झाड दुसरं नसेल. उन्हाळ्यात सावली द्यायची, वारा आला की समुद्रासारखं वाजायचं आणि मुलांना खेळायला शंकू टाकायचे, एवढंच त्याला माहीत. त्या रांगेतलं कोपऱ्यावरचं झाड अचानक वाळलं. साल काढून बघितली तर आत भुंगेऱ्यांनी बोळ काढलेले! गव्हाच्या दाण्याएवढा एकेक किडा, पण सगळ्यांनी मिळून केवढं मोठं झाड आडवं केलं होतं. ते झाड कापून नेलं आणि मग उरलेल्यांचं काय, असा प्रश्न उभा राहिला.

उद्यान विभागाचे अधिकारी येऊन पाहणी करणार होते. सगळे त्यांना झाडसाहेब म्हणत. त्यांचा नियम सरळ होता. बाकीच्या झाडांवर भुंगेरे दिसले, तर सगळी रांग कापायची. नाही दिसले, तर खोडांवर कीटकनाशक फवारायचं आणि झाडं ठेवायची.

सरांचा जीव त्या रांगेत होता. वर्गात शिकवून संपलं की ते मुलांना घेऊन झाडांखालीच बसत. म्हणून औषधाचा सगळा अभ्यास त्यांनी स्वतः केला होता आणि तो वर्गाला शिकवलाही होता.

"सर, झाडांना ताप आलाय का?" मुलांनी विचारलं होतं.

"नाही रे. आपण औषध म्हणतो, पण आहे ते विषच. झाडासाठी औषध, किड्यासाठी विष. म्हणून फवारताना आपण जवळ जायचं नाही. वारा कुठून येतो ते बघायचं आणि त्याच बाजूला लांब उभं राहायचं. नंतर हात धुवायचे. कसे?"

"साबणाने! कोपरापर्यंत!"

"शाब्बास. आणि औषध मारायचं कधी? किडा आत शिरण्याआधी. एकदा का तो सालीच्या आत जाऊन बसला, की बाहेरून कितीही फवारा, तो आत मजेत जेवत असतो."

एवढ्यावर थांबले असते तर ते विज्ञानसर कसले! त्यांनी वरून सापळेही मागवले होते. या सापळ्यात एक पुडी टांगायची. पुडीला असा वास येतो, की भुंगेऱ्यांना वाटतं, आपल्या भाईबंदांनी हाक मारली, आणि ते धावत सुटतात. शेतीची पुस्तकं वाचणाऱ्यांना त्याचं नाव माहीत असतं, कामगंध सापळा. तो झाडांपासून चांगला लांब, मैदानापलीकडे पाण्याच्या टाकीजवळ लावायचा, म्हणजे चुकार किडे तिकडे जातात. झाडाजवळ लावला तर काय होईल, हे सरांनी फळ्यावर चित्र काढून दाखवलं होतं. चित्रात झाड रडत होतं.

पुड्या थंड जागी ठेवायच्या होत्या, म्हणून सरांनी त्या घरच्या फ्रिजमध्ये ठेवल्या. लोण्याच्या डब्यामागे. वरती स्वतःच्या वळणदार अक्षरात एकच शब्द लिहिला, 'कामगंध'.

आणि घोटाळा झाला तो इथेच!

*

सरांच्या पत्नीला सगळी शाळा काकू म्हणे. पाहणीच्या आदल्या दिवशी काकूंनी लोण्याचा डबा काढला आणि मागे चंदेरी वेष्टनातल्या तीन पुड्या दिसल्या. त्यांनी चष्मा लावून वाचलं. कामगंध.

काकू विचारात पडल्या. गंध म्हणजे सुवास. काम म्हणजे नोकरी, कामधंदा. तेव्हा कामगंध म्हणजे कामावर जाताना जवळ ठेवायचा सुवास! हल्ली काय काय निघतं! कपड्यांत ठेवायच्या, गाडीत टांगायच्या पुड्या त्यांनी पाहिल्या होत्या. आता कामावरच्याही निघाल्या म्हणायच्या. आणि हा माणूस, ज्याला आंघोळीनंतर कंगवा कुठे ठेवला ते आठवत नाही, त्याने उद्याच्या साहेबांसाठी चक्क सुवास आणला होता! आणि लाजून लोण्यामागे लपवला होता!

काकूंना भरून आलं.

त्यांनी एक वेष्टन फाडून पाहिलं. आत चहाच्या पुडीएवढी मऊ पिशवी. हुंगली. जरा राळेसारखा, जरा टर्पेंटाइनसारखा वास. 'महागाचं असणार,' काकू मनात म्हणाल्या. 'स्वस्त अत्तर लगेच गोड लागतं.'

पाहणीच्या सकाळी त्यांनी सरांचा ठेवणीतला तपकिरी कोट इस्त्री करून बाहेर काढला आणि एक पुडी गुपचूप आतल्या खिशात सरकवली.

"अगं, झाडं बघायला कोट कशाला?"

"साहेब काय नुसती झाडं बघणारेत? तुम्हालाही बघतील."

"मला कशाला बघतील? मला काय कीड लागलीय?"

"जा आता मुकाट्याने!"

दुसरी पुडीही वेष्टनातून काढून त्या बाजाराला जाताना वाटेत मोठ्या बाईंकडे देऊन आल्या. दोघींची जुनी मैत्री. "पर्समध्ये ठेव. कामावरचा गंध आहे. ह्यांनी आणलाय!" असं सांगताना त्यांचा चेहरा असा फुलला होता, की बाईंनी न हुंगताच पुडी पर्समध्ये टाकली.

*

झाडसाहेब आले. उंच, सडपातळ माणूस, खोडासारखा सरळ. एका हातात भिंग, दुसऱ्या हातात जाडजूड लाल खडू. ज्या झाडावर लाल फुली, ते झाड कापायचं.

फवारणीवाले मामाही वेळेवर आले होते. हातमोजे, तोंडाला मास्क, पाठीवर पंप. ते फाटकाजवळ पंपावर बसून वाट बघत होते.

"सुरू करू का सर?"

"दोन मिनिटं मामा. साहेब आधी बघतील. बघायला काही नाहीच म्हणा!" सर हसले. "या साहेब! हे पहिलं झाड. बघा, सालीवर भोक नाही, भुसा नाही, राळेचा थेंब नाही. नवरीसारखं झाड आहे!" आणि त्यांनी खोडाला टेकून एक हात अभिमानाने वर केला.

झाडसाहेब भिंगातून बघत होते. ते अचानक थांबले. "सर, हे काय?"

सरांच्या बाहीजवळ, खोडावर, एक गव्हाचा दाणा चालत होता.

"चुकून आला असेल," सर म्हणाले.

मग दुसरा दाणा उतरला. मग तिसरा. झाडसाहेबांनी खडू उचलला आणि खोडावर लाल फुली मारली.

"अहो थांबा! हे एक असेल तसं! पुढचं बघा, पुढचं एकदम ठणठणीत आहे!" सर धावत पुढच्या झाडाकडे गेले आणि त्याच्या खोडाला कवेत घेतलं. "काल संध्याकाळी मी स्वतः बघितलंय. एक किडा नव्हता!"

"काल संध्याकाळची गोष्ट वेगळी," झाडसाहेब म्हणाले. "आत्ता तुमच्या कॉलरवर दोन आहेत."

लाल फुली!

शाळेमागे लाकडाची वखार होती. तिथे ओंडके रचून ठेवले होते आणि उन्हं चढली की त्यातून भुंगेरे बाहेर पडत. एरवी ते कुठेही भटकले असते. आज त्यांना शाळेच्या आवारातून अशी काही हाक ऐकू येत होती, की ते सगळं सोडून निघाले होते. सर ज्या झाडाशी जात, तिथे ते हजर होत. सर जितके घाबरत, तितका त्यांना घाम येई, तितका कोट गरम होई आणि तितकी पुडी जोरात दरवळे!

वर्गाच्या खिडकीतून मुलं हे बघत होती. "सर! पाठीवर बघा! पाठीवर!"

"खिडक्या बंद करा!" सर ओरडले. "लक्ष फळ्याकडे!"

"सर, पण तुमच्या पाठीवर..."

"फळ्याकडे म्हटलं ना!"

बिचारी मुलं फळ्याकडे वळली. फळ्यावर ते रडणारं झाड अजून तसंच होतं.

निम्मी रांग फुल्यांनी भरली. मामांनी लांबून विचारलं, "सुरू करू का सर?" आणि झाडसाहेब म्हणाले, "आता फवारून काय उपयोग? आता करवत लागेल."

ज्यांच्या सावलीत सरांनी मुलांना पान कसं श्वास घेतं ते शिकवलं, त्या झाडांना त्यांच्या डोळ्यांसमोर फुल्या लागत होत्या, आणि ते स्वतः एकेक झाड बोट करून दाखवत होते! खाटकाच्या पुढे पुढे चालावं तसं.

"आत बसू या," मोठ्या बाई म्हणाल्या. "सर, चेहरा बघा तुमचा. पाणी प्या."

*

बाईंच्या खोलीत पंखा सुरू होता, खिडकी उघडी होती. टेबलावर बाईंची पर्स होती. झाडसाहेब खुर्चीत बसले.

"सर, तुमचं वाईट वाटतंय मला. पण नियम म्हणजे नियम. भुंगेरे दिसले की..."

टप्! टेबलावर एक भुंगेरा पडला. झाडसाहेबांनी त्याच्याकडे पाहिलं. टप्! टप्! पाठोपाठ दोन आले. खिडकीतून आणखी एक घोंघावत आला, खोलीत एक चक्कर मारली आणि बाईंच्या पर्सवर ऐटीत बसला.

"बाई," झाडसाहेबांनी हळूच विचारलं, "हे टेबल कोणत्या लाकडाचं आहे?"

"मला काय ठाऊक! मी आले तेव्हापासून आहे."

झाडसाहेब उठले. टेबलाखाली वाकले. भिंगातून पाय तपासले. "पाइनचं दिसतंय," ते खालूनच गंभीरपणे म्हणाले, आणि सवयीने खडू काढला.

"खबरदार!" बाई कडाडल्या. "माझ्या टेबलावर फुली मारलीत तर! उद्या कपाटावर माराल, परवा माझ्यावर माराल!"

सरांनी कपाळाचा घाम पुसायला रुमाल शोधला. बाहेरच्या खिशात नव्हता. आतल्या खिशात हात घातला. हाताला रुमाल नाही, एक मऊ पिशवी लागली. चहाच्या पुडीएवढी. ती त्यांनी बाहेर काढली आणि तिच्याकडे असे बघत राहिले, जणू खिशातून सापच निघाला.

"साहेब," ते पुडी पुढे धरत म्हणाले. "झाडांना काही झालेलं नाही."

"मग?"

"मला झालंय."

सगळा उलगडा व्हायला थोडा वेळ लागला, कारण सर एकाच वेळी बोलत होते आणि कोट काढत होते. शेवटी कोट पुडीसकट हातभर लांब धरून ते मैदानापलीकडे पाण्याच्या टाकीपर्यंत पळत गेले आणि तिथल्या सापळ्याच्या खांबावर टांगून आले. घामाघूम होऊन, नुसत्या शर्टात, पण विजयी मुद्रेने परतले.

"बघा साहेब! आता एक किडा इथे येतो का बघा!"

टप्!

बाईंच्या पर्सवर आता तिघेजण बसले होते.

"सर," झाडसाहेब खडू बोटांत फिरवत म्हणाले, "तुमची कथा मला आवडली होती."

सरांनी थेट काकूंना फोन लावला. "अगं, फ्रिजमध्ये लोण्यामागे पुड्या होत्या..."

"कळलं का तुम्हाला?" पलीकडून लाजरा आवाज आला. "आवडला का साहेबांना वास?"

"साहेबांना नाही! किड्यांना! अगं तो किडे बोलवायचा वास आहे!"



"मग तो गंध कसला मेला!" काकू म्हणाल्या. "तुमचं अक्षर चांगलं आणि शब्द मात्र असे!"

"ते नंतर. बाकीच्या पुड्या कुठे आहेत?"

"एक मोठ्या बाईंच्या पर्समध्ये."

बाईंनी हे ऐकलं मात्र, पर्स खिडकीतून बाहेर उडाली. एरवी बाई त्या पर्सला कुणाला हातसुद्धा लावू देत नसत.

"आणि तिसरी?"

"तिसरी माझ्याजवळच आहे. पदराला पिन करून लावलीय."

"ठीक आहे. तू घरीच थांब. हलू नकोस."

"घरी कुठे? मी डबा घेऊन आलेय ना, साहेबांना जेवायला. केव्हाची तुमच्या फाटकाशी, झाडाखाली सावलीत उभी आहे. अहो, इथे किडे फार झालेत हो!"

सर, बाई आणि झाडसाहेब खिडकीशी धावले. काकू पहिल्या झाडाच्या खोडाला टेकून, एका हातात डबा, एका हातात फोन घेऊन उभ्या होत्या, आणि त्यांच्या पदरावर गहू पेरल्यासारखा दिसत होता!

"तिथून बाजूला हो!" सर फोन टाकून ओरडले. "मैदानाकडे पळ! टाकीकडे!"

काकू पळाल्या. पळताना डबा मात्र त्यांनी आडवा होऊ दिला नाही. त्यांच्या मागे भुंगेरे निघाले आणि त्यांच्या मागे सर, "पुडी काढून फेक!" असं ओरडत. वर्गातली मुलं बंद खिडक्यांच्या काचांना नाकं लावून हे बघत होती. अशी शाळा रोज का नसते, असं प्रत्येकाच्या चेहऱ्यावर लिहिलं होतं.

*

पुड्या तिन्ही टाकीजवळ गेल्या तेव्हा कुठे शांतता झाली. झाडसाहेब मात्र आता वेगळ्याच नजरेने बघू लागले होते. भुंगेरे कुठून येतात हे त्यांना आयतंच दिसलं होतं, मागच्या भिंतीवरून, सरळ रेघेत. ते भिंतीशी गेले, वखारीतले सालीसकट रचलेले ओंडके पाहिले आणि वखारवाल्याला हाक मारून म्हणाले, "ही साल आजच्या आज सोलून जाळायची. कोपऱ्यातलं झाड तुमच्या ओंडक्यांनी खाल्लंय."

मग त्यांनी पुन्हा पहिल्या झाडापासून सुरुवात केली. प्रत्येक खोड भिंगाने, नखाने, सावकाश तपासलं. सर या वेळी लांब उभे होते, हात पाठीमागे बांधून. एकदाही "नवरीसारखं" म्हणाले नाहीत.

"भोक नाही," झाडसाहेब म्हणाले. "भुसा नाही. बसले होते, पण शिरलेले नाहीत. पाहुणे होते, राहायला आलेले नव्हते." त्यांनी बाईंकडे ओलं डस्टर मागितलं आणि एकेक फुली स्वतःच्या हाताने पुसली. शेवटची पुसून झाल्यावर त्यांनी मान डोलावली. "मामा, करा सुरू."

"काय?" मामा पंपावर पेंगत होते. त्यांचा आता विश्वासच बसेना. "खरंच?"

वारा मैदानाकडून रस्त्याकडे वाहत होता. मुलांना बाहेर काढून मैदानाच्या टोकाला बसवलं. मामांनी मास्क नीट केला आणि बुंध्यापासून वर, सगळीकडून, सावकाश फवारत गेले. ओली झालेली खोडं उन्हात गडद दिसू लागली. सर एकेका झाडाकडे बघत होते आणि त्यांचा जीव एकेका झाडागणिक भांड्यात पडत होता. सगळी होती. जशीच्या तशी.

"मला एवढंच सांगा," काकू शेजारून म्हणाल्या. "नोकरीचं काम नाही, तर मग त्या कामगंधातलं काम म्हणजे कसलं काम?"

सगळा वर्ग सरांकडे बघू लागला. झाडसाहेब एकाएकी ढग बघू लागले.

सरांनी घसा खाकरला. "काम म्हणजे... हे बघ... किड्यांमध्ये... म्हणजे... सामूहिक काम! एकाला चांगलं झाड सापडलं की तो असा वास सोडतो. म्हणजे बाकीच्यांना कळतं. या रे सगळे, इथे काम आहे!"

"आणि सगळे येतात?" मोठ्या बाईंनी विचारलं.

"धावत येतात."

"असा वास माणसांसाठी मिळतो का हो साहेब? मी शिक्षकांच्या खोलीत ठेवीन म्हणते."

"आधी जेवू या," काकू म्हणाल्या. "पण इथे नको, औषध मारलंय. पलीकडच्या वर्गात चला. आणि हात धुवून या सगळे!"

सर स्वतः मुलांना नळावर घेऊन गेले. ही संधी ते थोडीच सोडणार! "साबण आधी तळहातावर. मग बोटांच्या मध्ये. मग मनगट. मग कोपर. घाई नको! कुणाचं कोपर राहिलं?" एकेकाला तपासून, रांगेने वर्गात पाठवून, सगळ्यात शेवटी त्यांनी स्वतःचे हात धुतले. नीट, कोपरापर्यंत, दोनदा.

मधल्या वेळात काकूंनी पलीकडच्या वर्गात डब्याचं झाकण उघडलं होतं. गरम फोडणीचा वास व्हरांड्यातून गेला आणि गणिताचे सर आले. मग चित्रकलेच्या बाई आल्या. मग कधी खोलीबाहेर न पडणारे कारकून आले. शिपाई आला. पंप उतरवून, हात धुवून मामा आले. झाडसाहेब तर आधीच बसले होते. कुणालाही हाक मारावी लागली नाही.

सर रुमालाने हात पुसत वर्गात शिरले तेव्हा काकू रिकामा डबा आवरत होत्या.

"संपलं?"

"संपलं," काकू अपराधी चेहऱ्याने म्हणाल्या. "मी तुमच्यासाठी बाजूला ठेवलं होतं हो. तेही कुणीतरी..."

सरांनी एकदा डब्यात वाकून पाहिलं. मग खिडकीतून बाहेर पाहिलं. झाडांची रांग फाटकापासून मैदानापर्यंत उभी होती आणि वाऱ्यावर हळूहळू वाजत होती. सरांच्या चेहऱ्यावर मोठं हसू पसरलं.

"जाऊ दे गं. झाडं वाचली ना!"

"वाचली," काकू डब्याचं झाकण लावत म्हणाल्या. "पण ती फक्त किड्यांना खाता येतात."